परत दारापासून

न्यूनेन, नेदरलँड्स, मे २०२१

समताताई,

तुला आणि आईला जय भीम. मी बरा आहे, वेळेवर जेवतो. सायकल चोरीला गेली, पण ते असू दे. आईचा खोकला थांबला का?

मी ज्याच्या हाताखाली काम करतो तो पेक्का फिनलंडचा. तीस वर्षं त्याने सिनेमाचा कॅमेरा चालवला. आता कोरोनामुळे शूटिंग बंद, म्हणून घरी अडकलेल्या नातेवाइकांना अंत्यविधी थेट दाखवतो. बाबा गेले त्याच्या दुसऱ्या दिवशीही एक होता. तो दहाला संपणार होता, आणि अग्नी देण्याआधी तू फोनवर बाबांना दाखवणार होतीस ते इथल्या साडेदहाला. म्हटलं, आरामात जमेल.

शवपेटी आत आली आणि पेक्काला उजेड आवडला नाही. सवयीने ओरडला, "परत दारापासून!" आणि खांदा देणारे सहाही जण पेटी घेऊन खरंच मागे फिरले गं! गेलेल्या माणसाची म्हातारी बायको किंचाळली, "माझा नवरा काय नट आहे?" मग भांडण, मग माफी, मग सगळं पहिल्यापासून. कॅमेरा चालू असताना फोन बंद, हा पेक्काचा नियम. मी फोन सुरू केला तेव्हा अकरा वाजून गेले होते.

पेक्का नंतर म्हणाला, "आधी सांगायचं नाहीस का?" त्याने मला सोडलं असतं. काम जाईल म्हणून मीच बोललो नाही.

आईला मी नेट गेलं असं सांगितलंय. खरं तूच सांग, मला जमत नाही. आणि एवढंच कळव, माझा फोन लागेल म्हणून तू अग्नी किती वेळ थांबवलास?

तुझा,
प्रज्योत