आतली शिवण

१२ नोव्हेंबर, मंगळवार

आजही दोन ब्लाउज उसवले, परत शिवले. पाठ गेली कामातून!

ह्यांचं कटिंग अजून चोख आहे. पण मशीनवर बसले की सुईपाशी दिसत नाही, शिवण नागमोडी जाते. दुकानात मी काही बोलत नाही. हूक आणि तुरपाई घरी करते असं सांगून नारायण पेठेतल्या दुकानातून पिशवी वारज्याला घरी आणायची आणि दुपारी गुपचूप सगळं नव्याने शिवायचं. गणपतीपासून हेच चाललंय.

१४ नोव्हेंबर, गुरुवार

जुन्या गिऱ्हाइकाची मुलगी सुरुची आज दुकानात तिच्या लग्नाचा ब्लाउज शिवायला टाकून गेली. पेठेत पावलोपावली बुटिकं, पण हिला श्रीधरकाकांच्याच हातचा हवा. म्हणाली, "आईचा ब्लाउज उलटा केला तरी सुलटा वाटतो, काका." खरंच आहे. आत एक धागा लोंबत नाही, दोन्ही बाह्यांचे काठ समोरासमोर येतात, पाठीवरची बुट्टी शिवणीत कापली जात नाही. हे नुसते हसले. किती दिवसांनी हसले!

मला मात्र धसका बसलाय. कापड पैठणीचं. सुई गेली की भोक राहतं. ह्यांनी वाकडं शिवलं तर मी उसवून तरी काय करणार? पोरीच्या लग्नात ह्यांचं नाव जायचं.

१५ नोव्हेंबर, शुक्रवार

आज धीर करून म्हटलं, अहो, डोळे दाखवून या एकदा.

"कशाला? कामाला कोणी नावं ठेवतंय का?"

घ्या! नावं कोणी ठेवत नाही, कारण मी मरतेय इथे! पण हे तोंडावर सांगवलं नाही. चहा गार झाला, मी तसाच प्यायले.

१८ नोव्हेंबर, सोमवार

पिशवी आली. उघडली नाही. कंटाळा आलाय ह्या लपवालपवीचा.

२० नोव्हेंबर, बुधवार

सुरुचीचा ब्लाउज घेतला शेवटी. एक टोक ओढलं तर अख्खा दोरा सुळकन हातात! मोठे, सैल, कच्चे टाके. वाकडे होते, पण सगळे पक्क्या शिवणीच्या खडूच्या रेघेबाहेर, आत दुमडायच्या मार्जिनमध्ये. तिथली भोकं कोणाला दिसणार नाहीत. रेघेवर एकही टाका नाही. ती माझ्यासाठी मोकळी ठेवलेली.

पिशवीच्या तळाशी काठाच्या रंगाचं नवं रीळ. मी मागितलं नव्हतं.

म्हणजे ह्यांना ठाऊक आहे. कधीपासून, देव जाणे.

रडले थोडी. मग शिवायला बसले.