बोरीचा रोमन रस्ता

॥ श्री भैरवनाथ प्रसन्न ॥

बोरी बुद्रुक
१० नोव्हेंबर १९९७

तीर्थरूप सौ. साळूआक्कास,
धाकट्या भरतचा शि. सा. न. वि. वि.

इकडे सर्व क्षेम. कांद्याच्या बातम्या दाजींना असतीलच, माझी त्याहून मोठी आहे. तुझ्या माहेरी रोमन रस्ता सापडला.

झालं असं. धनगरवस्तीला जाणाऱ्या वाटेच्या दोन्ही अंगांची जमीन गेणभाऊंनी घेतली आणि परवा टोमॅटोसाठी वाटेतच ट्रॅक्टर घातला. वस्तीवरचा राघू आणि त्याची बायको बानूबाई आडवे उभे राहिले. वाट गेली तर वस्तीच्या अकरा घरांना, मेंढरांसकट, कालव्यावरून दीड कोसाचा वळसा पडेल. गेणभाऊंचं म्हणणं, इथं रस्ता कधी नव्हताच, हा बांध आहे. तेवढ्यात नांगराचा फाळ खाडकन वाजला आणि मातीखालून दगडांची ओळ वर आली. नीट बसवलेले दगड, बैलगाडीएवढी रुंदी.

आक्का, मी इतिहासाचा मास्तर. रोमकडचा माल कल्याणला उतरायचा, नाणेघाट चढून जुन्नरला यायचा आणि पुढं पैठणला जायचा. आपल्या लेण्यांत यवनांनी दिलेल्या दानांचे लेख आहेत. मग पैठणची वाट बोरीवरून का नसेल? मी तिथंच जाहीर केलं की हा दोन हजार वर्षांचा रस्ता आहे, हात लावाल तर पुरातत्त्व खातं अख्खं शेत ताब्यात घेईल. गेणभाऊंनी ट्रॅक्टर बंद केला. नुसते हसले. एरवी हा माणूस सूर्य कुठं उगवतो यावरही माझ्याशी वाद घालतो.

पुण्याच्या एका जाणकार बाईंना पत्र टाकलं आहे. चि. वृषालीला आशीर्वाद. लोभ आहेच, आता भाऊ मोठा शोध लावून बसलाय म्हणून थोडा वाढवावा.

तुझा,
भरत

*

मंचर
१९ नोव्हेंबर १९९७

चि. भरतास,
साळूआक्काचे अ. उ. आशीर्वाद.

तुझं पत्र मी वाचलं, मंग तुझ्या दाजींना वाचून दाखवलं. ते हासता हासता खाटंवरनं उठून बसले.

अरं येड्या, त्यो रस्ता रोमच्या लोकांनी न्हाई, तुझ्या बहिणीनं केलाय. बहात्तरच्या दुष्काळात. तू तवा आठ वर्सांचा, मामाकडं जुन्नरला शाळंला व्हतास. हिकडं सासरी काम न्हवतं म्हणून मी माहेरी आले आन् सरकारी कामावर गेले. मी, चिमाबाई, बानूबाई, समद्याच. मेंढरांची जुनी वाट व्हती, तिच्यावरच आमी दगड बसवलं. पुढं कालव्याकडनं डांबरी झाली, गाड्या तिकडनं जाया लागल्या आन् ह्याच्यावर माती चढली. गावात चाळिशीच्या पुढच्या समद्यांना हे ठावं हाय. तुला कुणी बोललं न्हाई, कारण लई मजा येतीया. चिमाबाईचा सांगावा आलाय, तुला आता रोमन गुरुजी म्हणत्यात.

आता गेणभाऊ का गप बसला ते ऐक. त्या कामावर मुकादम त्योच व्हता. आमा बायांचं कोण मानतंय, पण दगड दुष्काळातलं हायती असं मुकादमाच्या तोंडातनं निघालं की रस्ता सरकारी ठरतो. मंग नांगर कसा घालणार? तुझं रोमन त्याला बरं पडलं. पुण्याची बाई येईल, न्हाई म्हणून जाईल, आन् दुसऱ्या दिशी ट्रॅक्टर चालू.

म्हणून भांडू नको. सव्वीस जानेवारीला दुष्काळी कामावरच्या माणसांचा सत्कार ठेव. पयला नारळ मुकादमाला. ग्रामसेवकाला वही घेऊन शेजारी बसव. गेणभाऊच्या हातात माईक आला की त्यो बारीकसारीक काय सोडत न्हाई, हे मी दहा लग्नांत बघितलंय.

पत्र वाचून चुलीत घाल. लोभ वाढव म्हणतोस, तर आधी सांगते तसं वाग.

तुझी,
आक्का

*

बोरी बुद्रुक
२७ जानेवारी १९९८

तीर्थरूप आक्कास,
भरतचा शि. सा. न. वि. वि.

पत्र चुलीत घातलं नाही, माफ कर.

पुण्याच्या बाई डिसेंबरात येऊन गेल्या. एका दगडाला बोटाएवढी सरळ खाच होती. ही कशाची, असं त्यांनी विचारलं. राघूनं सांगितलं, सुरुंग लावायला पाडलेल्या भोकाची. बाई मला हळूच म्हणाल्या की रोमन लोकांकडे सुरुंगाची दारू नव्हती. मी चहा मागवला. जाताना मात्र त्या राघूच्या मेंढरांमागून वस्तीपर्यंत चालत गेल्या. रोमन लोक रस्ते फरसबंद करायचे, म्हणाल्या. आपल्याकडे घाटात पायऱ्या खोदल्या, पण पठारावरचे रस्ते बहुधा पायांनीच टिकले. ही वाट किती जुनी ते सांगता येणार नाही, दगडांच्या आधीची आहे एवढं खरं.

काल सत्कार झाला. गेणभाऊ फेटा बांधून आले. दगड कुठल्या खाणीतला, मोरी कुठं घातली, कोणत्या वळणावर मुरूम कमी पडला, सगळं सांगितलं. ग्रामसेवकाची चार पानं भरली. सरकारचा रस्ता मी चार महिन्यांत वस्तीला नेऊन भिडवला, असं म्हणाले आणि थबकले. आधी ग्रामसेवकाच्या पेनाकडं पाहिलं, मग माझ्याकडं. मला वाटलं, आता शब्द फिरवणार. समोरच बानूबाई मांडीवर नारळ घेऊन बसली होती. तिच्याकडं बघत राहिले. मग माईक जवळ ओढून म्हणाले, "लिव्हा. ह्या बायांनी डोक्यावरनं व्हायलेला रस्ता हाय. माझा नांगर त्याच्यात जाणार न्हाई."

खाली उतरल्यावर माझ्या कानाशी येऊन सांगितलं की ही अक्कल तुझी नव्हे, मंचरची आहे.

वाट सरकारी रस्ता म्हणून नोंदवायचा ठराव झाला. आज मेंढरं गेली त्या वाटेनं. एकच कोडं आहे आक्का, त्यांना शब्द फिरवणं सहज जमलं असतं. का फिरवला नाही?

कळावे. माया अशीच असू दे, चिडवणं थोडं कमी चालेल.

तुझा,
भरत

*

मंचर
४ फेब्रुवारी १९९८

चि. भरतास,
आक्काचे अनेक आशीर्वाद.

कुणाला बोलले न्हाई ते तुला लिहिते.

त्या साली वृषाली माझ्या पोटात व्हती. चौथा लागला व्हता. आईला कळलं असतं तर तिनं घरी बसवलं असतं, आन् घरात तर दाणा न्हवता. एक दिस दगडाची पाटी उचलताना मला अंधारी आली. गेणभाऊनं बघितलं. समद्यांदेखत माझ्यावर लई तोंड टाकलं, की तुला पाटी धरता येत न्हाई, जा, बाभळीखाली बसून बारकी खडी फोड. आन् माझी पाटी सोता डोक्यावर घेतली. काम संपस्तवर रोज सकाळी माझ्या नावानं वरडायचा आन् माझी पाटी न्यायचा. बाया म्हणायच्या, ह्याचं साळूशी काय वाकडं हाय? बानूबाईला तेवढं कळलं व्हतं. ती बोलली न्हाई.

म्हणून तिला पुढं बसवा असा चिमाबाईला वेगळा सांगावा धाडला व्हता. तुला कळवला न्हाई, तुझ्या पोटात काय राहत न्हाई. जमिनीचा लोभ सुटला की माणूस इसरतो रं. पण बानूबाईच्या तोंडावर त्याला खोटं बोलवणार न्हाई, हे मला ठावं व्हतं.

रविवारी वृषालीला घेऊन येते. आळेफाट्याला गाडी घेऊन ये. आधी तिला त्या रस्त्यानं चालत नेणार, मंग गेणभाऊच्या दारात उभी करणार आन् म्हणणार, ही बघा, तुमी व्हायलेली पाटी. पंचवीस वर्सांनी उतरून घ्या.

त्यो वरडंल. वरडू दे.

सगळ्यांना आशीर्वाद. भावावरची माया व्हती तेवढीच हाय, वाढवायला जागा न्हाई.

तुझी,
साळूआक्का