जप्तीतील माशांची पोच मिळून निवृत्तिवेतन सुरू होण्याबाबत

प्रति,
मा. मुख्याधिकारी,
नगरपरिषद कार्यालय.

विषय : जप्तीतील मासे परत घेऊन पोच देण्याबाबत व अडवलेले निवृत्तिवेतन सुरू करण्याबाबत.
संदर्भ : आपले पत्र, वसुली विभाग, क्र. ४१२.

महोदय,

संदर्भीय पत्राने मला कळवण्यात आले की, जप्त मालातील सात मृत माशांची किंमत माझ्याकडून वसूल होईपर्यंत मला ना-देय दाखला मिळणार नाही आणि दाखल्याशिवाय निवृत्तिवेतन सुरू होणार नाही. पत्र मी दोनदा वाचले. सही आपलीच आहे.

१. बसस्थानकाशेजारच्या वाहनतळाच्या ठेकेदाराने तीन वर्षे लोकांच्या पावत्या फाडल्या आणि नगरपरिषदेचा हिस्सा भरला नाही. थकबाकी अडतीस लाख. सहा वर्षांपूर्वी वसुली लिपिक या नात्याने मी त्याच्या ऑफिसवर जप्ती नेली. बातमी आपल्याच कार्यालयातून फुटल्यामुळे चांगले सामान आदल्या दिवशीच हलले होते. उरली होती एक फिरती खुर्ची आणि माशांची काचेची टाकी. सोबतचा शिपाई म्हणाला, "भाऊ, 'टाकी, साहित्यासह' एवढंच लिहा आणि मोकळे व्हा." मी ऐकले नाही. पंचनाम्यात मोजून लिहिले : मासे, नग नऊ, जिवंत. ही चूक मला मान्य आहे.

२. खुर्ची भांडारात जमा झाली. जिवंत वस्तू ठेवून घेण्याची तरतूद नाही, असे सांगून भांडारपालाने टाकी परत पाठवली. "घरी ठेवा हो, आठवड्याचा तर प्रश्न आहे," असे तेव्हाचे साहेब म्हणाले व ताबेदार म्हणून माझी सही घेतली. त्याच आठवड्यात ठेकेदाराने न्यायालयातून माल 'जैसे थे' ठेवण्याचा आदेश आणला. माशांना तो आदेश कोणी बजावला नाही. सहा वर्षांत सात मेले. प्रत्येक मृत्यू मी लेखी कळवला, एकाही पत्राला उत्तर आले नाही. आपले वकील सत्तावीस तारखांपैकी चार तारखांना हजर होते, त्यातही दोनदा मुदत मागायला.

३. आमचे घर दोन खोल्यांचे. टाकीसाठी पत्नीने शिलाई मशीन स्वयंपाकघरात हलवले. वीज गेली की हवेचा पंप बंद पडे, मग ती कपाने टाकीतले पाणी वरून ओतत बसे. खाद्याचे बिल मी कधी लावले नाही, कारण ते कोणत्या लेखाशीर्षाखाली घ्यायचे हे लेखा विभागाला शेवटपर्यंत ठरवता आले नाही.

४. गेल्या वर्षी ठेकेदाराने माल खराब केल्याबद्दल उलट आपल्यावरच भरपाईचा दावा ठोकला आणि आपण घाईघाईने तडजोड केली. थकबाकी माफ, वाहनतळ पुन्हा त्यालाच. नवीन ठेक्यासाठी लागणारा ना-देय दाखला त्याला एका दुपारीत मिळाला. त्या दुपारी मी माझा अर्ज घेऊन बाहेर बाकावर बसलो होतो. जाताना तो हसून म्हणाला, "काका, अजून इथंच? एखादी केस टाकायची होती ना!" आपल्या दालनातूनही हसण्याचा आवाज आला.

५. गेल्या सोमवारी त्याची माणसे टाकी न्यायला आली. तडजोडीत 'टाकी व खुर्ची' असे लिहिले आहे, माशांचा उल्लेख नाही. म्हणून त्यांनी उरलेले दोन मासे आमच्या बादलीत ओतले आणि टाकी नेली. आता वसुली विभागाचे म्हणणे असे की, मासे अद्याप माझ्या ताब्यात असल्याने माझे प्रकरण बंद करता येत नाही. निवृत्त झाल्यापासून आठ महिने घर पत्नीच्या शिलाईवर चालले आहे. तिला सुईत दोरा ओवता येत नाही, शेजारची सून ओवून देते. डोळ्याच्या ऑपरेशनची तारीख आम्ही दोनदा पुढे ढकलली.

सबब, मासे समक्ष आणले आहेत. ते मोजून घ्यावेत व लेखी पोच द्यावी. मेलेल्या सातांची किंमत ज्याला अडतीस लाख सोडले त्याच्याकडून घ्यावी. पोच मिळेपर्यंत मी दालनाबाहेरून हलणार नाही.

एकतीस वर्षे मी या कार्यालयात मान खाली घालून काम केले. आज मला त्याची किळस येते. हे वाक्य पत्नीने खोडायला सांगितले होते. "पेन्शन अडकेल," म्हणाली. मी खोडले नाही. पेन्शन अडकलेलीच आहे.

आपल्या कार्यालयाचा माजी नोकर व माशांचा आजी ताबेदार,
(सही)
सेवानिवृत्त वसुली लिपिक
दि. १७ फेब्रुवारी

सोबत :
१. पंचनाम्याची प्रत
२. माशांच्या मृत्यूबाबतची पत्रे, सात
३. मासे, नग दोन, जिवंत (बादली माझी आहे, परत मिळावी)