चोलुलाच्या मीठवालीस

त्लातेलोल्को, मका काढून झाल्यावरचे दिवस

प्रिय तियाकापान ताई,

तुला ताई म्हणायचा हक्क मला आहे की नाही, हे अजून ठरायचं आहे. तियाकापान म्हणजे थोरली. आपल्याकडे घरोघरी पहिली मुलगी तियाकापानच असते, तेव्हा नावावरून काही सिद्ध होत नाही. चोलुलाच्या बाजारात तुला सगळे माग्दालेना म्हणतात असं कळलं, म्हणून पत्राच्या पाठीवर तेच नाव घातलं आहे. तुला हे वाचून दाखवणारा बेनितो माझा शाळूसोबती. पाद्र्यांच्या शाळेत आम्ही दोघांनी शेजारी बसून लॅटिन घोकलं. माणूस भला आहे, ऐकलेलं पोटात ठेवतो. बेनितो, भरभर वाचू नकोस. समोर गिऱ्हाईक असेल तर त्याला आधी जाऊ दे.

मी बाल्तासार. इथल्या मठात लेखनिक आहे. समुद्रापलीकडच्या कास्तिली लोकांनी तळ्यातल्या आपल्या शहराला वेढा घातला तेव्हा मी अंगावर पिणारं पोर होतो, त्यामुळे मला त्यातलं काहीच आठवत नाही. गंमत बघ, ज्याला काही आठवत नाही त्याच्याच हाती सगळ्यांच्या आठवणी लिहायचं काम आलं. आमचे पाद्रीबाबा युद्ध पाहिलेल्या म्हाताऱ्यांना बोलावतात, ते बोलतात, मी आपल्या भाषेत उतरवून घेतो. ज्याने डोळ्यांनी पाहिलं त्यानेच बोलायचं, ऐकीव चालणार नाही, असा त्यांचा दंडक आहे. मार्तीन म्हणून एक जुने लढवय्ये येतात. कोणाचा घोडा कोणी कालव्यात ओढला यावरून त्यांची रोज कुणाशी तरी जुंपते. “तो मी ओढला!” “तुम्ही? तुम्ही तर लव्हाळ्यात तोंड खुपसून बसला होतात!” मला हसू आवरत नाही. मग कुणीतरी उपाशी दिवसांचं काढतं आणि घोडा तिथेच राहतो. सरडे, पाकोळ्या, भिजवलेलं चामडं, भिंतीतलं गवत, तळ्याचं खारट पाणी. हे मी इतक्या वेळा लिहिलं आहे की आता हात आपोआप चालतो; पण घरी आल्यावर समोरच्या भाकरीकडे बघवत नाही.

माझ्या आईने मात्र त्या दिवसांबद्दल कधी एक अक्षर काढलं नाही. मला माहीत होतं ते एवढंच, की माझे वडील तळ्याच्या काठी मीठ करायचे, ते वेढ्यात गेले, आणि मला एक बहीण होती. होती, एवढंच. मी आपलं धरून चाललो की ती देवीच्या साथीत गेली असेल, कारण तेव्हा घरटी कोणी ना कोणी देवीने गेलंच होतं. आई वडिलांसारखंच मीठ विकते. बाजारात छपराखाली चांगली जागा मिळत असताना ती कायम तळ्यातून जाणाऱ्या तेपेयाकच्या बांधाच्या तोंडाशी बसते, वाऱ्यात आणि धुळीत. मी कितीदा सांगितलं, “अगं आई, तिथे कोण येतं मीठ घ्यायला?” ती म्हणायची, “येणारं येतं.” मला वाटायचं, म्हातारपणाचा हट्ट.

गेल्या महिन्यात लुकास मासात्ल नावाचा एक त्लाश्कालाचा म्हातारा लाल रंग काढायचे वाळवलेले किडे विकायला इथे आला. तो त्या वेळी कास्तिलींच्या बाजूने लढला होता. पाद्रीबाबांना वाटलं, पलीकडून पाहिलेलंही लिहावं. आमचे म्हातारे भडकलेच. मार्तीन म्हणाले, “आलास का परत? तेव्हा आमची घरं पाडून गेलास, आता काय न्यायचं राहिलंय?” लुकास काही कमी नव्हता. म्हणाला, “तुमच्याकडे न्यायला होतं काय हो तेव्हा? सरडे?” पुढे काठ्या निघाल्या असत्या. मी त्याला तिथून उठवलं आणि घरी घेऊन आलो.

आई त्याच्या पुढ्यात आली नाही. तिने माझ्या बायकोच्या, आनाच्या हातून त्याला मक्याची पेज दिली आणि स्वतः आत पाट्यावर मका वाटत बसली. इतक्या जोरात वाटत होती की म्हाताऱ्याला ओरडून बोलावं लागत होतं. तो अंगणात बसून सांगत होता, मी लिहीत होतो. शहर पडल्याच्या दिवशी त्याला त्याच तेपेयाकच्या बांधावर उभं केलं होतं. माणसं शहराबाहेर पडत होती, काही होड्यांतून, काही छातीएवढ्या पाण्यातून. कास्तिली प्रत्येकाला थांबवून सोनं शोधायचे, बायकांचे झगे झटकून बघायचे, आणि नाकीडोळी बरी दिसली की बाजूला काढायचे. बायका म्हणून तोंडाला चिखल फासून येत होत्या. हे मला नवीन नव्हतं. हे मी आधी चारजणांकडून लिहून घेतलं होतं.

मग तो म्हणाला, “एक बाई होती. तोंड चिखलाने बरबटलेलं, पण कालवा ओलांडताना हात धुतले गेले होते. एका कास्तिलीने तिचं मनगट धरलं. बरोबर तिची पोरगी होती, असेल दहाएक वर्षांची, पाठीला तान्हं बांधलेलं. त्या पोरीने काय करावं? पाठीवरचं तान्हं सोडलं, आईच्या खांद्यावर टाकलं, खाली वाकून ओंजळभर चिखल घेतला आणि फाडकन त्या कास्तिलीच्या तोंडावर मारला. मी शेजारीच उभा होतो. मलाही एक शिवी हासडली आणि पाण्याच्या कडेने उलट्या बाजूला पळत सुटली. आम्ही सगळे हसलो. कास्तिलीने बाईला सोडलं आणि तो पोरीच्या मागे धावला.” मी विचारलं, “आणि तुम्ही?” तो म्हणाला, “सांगितलं ना, हसलो. आधी हसलो. पुढचं लिहू नकोस.” मग स्वतःच म्हणाला, “तिला पकडून आणली. संध्याकाळी गालावर गुलामीचा डाग दिला तेव्हा ती रडली नाही. बाई तान्ह्याला घेऊन पुढे गेली होती. तिने मागे वळून पाहिलं नाही.”

आतला पाटा थांबला.

आई बाहेर आली. कोपरापर्यंत मक्याचं पीठ होतं. तिने म्हाताऱ्याला विचारलं, “शिवी कोणती दिली?” तो ओशाळला. “जाऊ दे बाई, पोरीची जीभ ती.” आई म्हणाली, “जशीच्या तशी सांग.” त्याने सांगितलं, “ए अळण्या, आधी जिभेला मीठ लाव, मग तोंड उघड.” आपल्या लोकांनी त्लाश्कालाकडे जाणारं मीठ कित्येक वर्षं अडवलं होतं, त्यामुळे अळणी म्हटलेलं त्यांना फार झोंबतं, पण आईने शिवी विचारली ती त्यासाठी नाही. मिठाच्या भावावरून हुज्जत घालणाऱ्या गिऱ्हाइकाला माझे वडील हेच वाक्य ऐकवायचे, हे तिने मला नंतर सांगितलं. आणि म्हाताऱ्याचं संपलं नव्हतं. तो म्हणाला, “इतक्या वर्षांनी शब्द ध्यानात राहिले, कारण यंदा ते पुन्हा ऐकले. चोलुलाच्या बाजारात मिठाचा भाव पाडून मागितला तर मीठवालीने तेच तोंडावर फेकलं. मी दचकून बघितलं. गालावर डाग होता. मी विचारलं, बाई, कुठची तू? म्हणाली, पाण्यातली. पुढे विचारायची माझी छाती झाली नाही.”

तो गेल्यावर आई बोलायला लागली ती दिवे लागेपर्यंत बोलत राहिली. ताई, तू ती असलीस तर यातलं बरंच तुला माहीत असेल. नसलीस तर एका परक्या बाईचं दुःख म्हणून ऐक. वेढ्यात वडिलांनी आपल्या वाट्याचं पाणी पोरीला दिलं आणि पोरीने ते लपवून मला पाजलं. देवी आली तेव्हा ती पोर आईच्या फोडांवरच्या माश्या हाकत बसायची. आई शेवटी म्हणाली, “वळले असते तर तू गेला असतास, मीही गेले असते, आणि तिचं केलेलं फुकट गेलं असतं. हे मी स्वतःला रोज सांगते. रोज सांगावं लागतं, बाळा.” मी विचारलं, म्हणून तू बांधावर बसतेस? ती म्हणाली, “ज्या वाटेने गेली त्याच वाटेने येईल ना. मला शोधायला तिला अख्खा बाजार पालथा घालायला लागू नये.” पाद्रीबाबांसाठी हे लिहू का, असंही मी विचारलं. तर म्हणाली, “माझं नाव नको. तिचं घाल, तियाकापान.” अजून घातलेलं नाही. घालावं की नाही, हेही तूच सांग.

तेव्हापासून माझं कशात लक्ष लागत नाही. लिहिताना शब्द गाळतो, पाद्रीबाबांची बोलणी खातो. कधी वाटतं, तूच ती. कधी वाटतं, माझ्या वडिलांचं वाक्य तळ्याकाठच्या सगळ्या मीठवाल्यांचंच असेल, आणि डाग तर हजारो गालांवर आहेत. आणि तूच ती असशील, तर मग आली का नाहीस? चोलुला काही समुद्रापलीकडे नाही. इथे कोणी उरलं नाही असं तुला वाटलं असेल. कुणाच्या तरी घरात तू बांधलेली असशील, आणि सुटलीस तोवर यायची इच्छा मेली असेल. की तुझा राग आहे? आईवर, वळली नाही म्हणून? की माझ्यावर, तुझ्या बदल्यात वाचलो म्हणून? राग असेल तर तो माझ्यावर काढ, मी वाद घालणार नाही. मुलंबाळं आहेत का तुला? गालावरचा डाग थंडीत ओढतो का? असले प्रश्न मी कागदावर लिहितो आणि मग वाटतं, एका अनोळखी बाईला हे विचारणारा मी कोण?

मी आईला म्हटलं होतं, आधी पत्र पाठवतो, उत्तर येऊ दे, मग बघू. ती म्हणाली, “उत्तर नाही असं आलं तर मी जायचं नाही का?” मी हसण्यावारी नेलं. परवा मठाच्या कामासाठी तेश्कोकोला गेलो होतो. आज दुपारी होडीतून उतरलो तर बांधाच्या तोंडाशी आईची जागा रिकामी. घरी तिची चटई नाही, जाड पांघरूण नाही. आना दारात बसून रडत होती. ती अवघडलेली आहे, दिवस भरलेत, तिच्याने म्हातारीला अडवणं झालं नाही. लुकासचा माल विकून झाला, काल तो परत निघाला आणि आई त्याच्याबरोबर गेली, त्याच लुकासबरोबर, ज्याला तिने हाताने पेजही दिली नव्हती. आनाला म्हणाली, “त्याला वाट माहीत आहे, आणि तिचं तोंड माहीत आहे. मला दुसरं काय पाहिजे?” दोन बर्फाच्या डोंगरांमधली खिंड या दिवसांत कशी असते ते तुम्हा चोलुलाच्या लोकांना मी काय सांगू? तिचे पाय सुजतात. लुकासही काही तरुण नाही. मागे धावत जावं तर आनाला एकटी टाकता येत नाही. काल संध्याकाळपासून तिच्या कमरेत कळा आहेत. म्हणून मठाच्या जासुदाच्या हातापाया पडून हे पत्र देतो आहे. तो धावत जातो, आईच्या आधी पोचेल, पोचलाच पाहिजे. ताई, माझं एकच मागणं आहे. तू ती नसलीस तरी तिला दारातच नाही म्हणू नकोस. आधी चुलीशी बसव. जेवलीस का विचारलंस तर हो म्हणेल, ते खरं मानू नकोस, पुढ्यात वाढच. डाव्या कानाने तिला ऐकू येत नाही, उजवीकडे बस. ती काही विचारणार नाही, तुझ्याकडे नुसती बघत राहील, बघू दे. पायांत ऊब आली, पोट भरलं, की मग जे खरं असेल ते तुझ्या तोंडाने सांग. आणि तू तीच असलीस आणि तिला ओळख द्यायची नसेल, तर तेही चालेल, फक्त आधी जेवू घाल.

तू नाही म्हणालीस तरी
तुझाच धाकटा भाऊ,
बाल्तासार