वरमाळ खाली ठेवायचं पद

ती. नाना, श्रीगोंद्याहून कल्याणचा पायांवर डोकं ठेवून नमस्कार.

काल माझ्या कॉलेजातल्या रोहिणीच्या हळदीत डीजेवर तुमच्या नाटकातलं पद वाजलं आणि तिथंच माझं सगळं फिरलं. जत्रेतल्या संगीत नाटकात तुम्ही नायिका व्हायचात आणि मंडपाच्या दारात नायकानं गायलेलं हे पद ऐकून नको असलेल्या लग्नाची वरमाळ खाली ठेवायचात. ते नाटक आता कुणाला ठाऊक नाही. चाल तेवढी रीलवर नाचायला उरलीय. ही गोष्ट मी फक्त रोहिणीलाच सांगितली होती. तिलाही हे लग्न नकोय, आम्हाला एकमेकांशी करायचंय.

जवळून जाताना ती म्हणाली, "उद्या मंडपाच्या दारात जुन्या शब्दांत गा. मी माळ ठेवून येते."

आज तिथं मी काम करतो तोच बँड आहे. बँडमास्तर म्हणाले, "कॉलेज सोडलंस, आता डोकंबी सोडलंस व्हय?" म्हटलं, तुम्ही वाजवू नका, मी नुसतं गाईन.

मी बरा आहे. दोन वेळ जेवतो. आईचा गुडघा कसा आहे? रोहिणीचे भाऊ तापट आहेत, हे आईला सांगू नका.

कॉलेज सोडल्यापासून तुम्ही फोन उचलत नाही, म्हणून हे पत्र. खाली बँडचा टेम्पो हॉर्न देतोय. दार ओढून निघतो. आता घरी येईन तो दोघं मिळूनच.

तुमचा,
कल्याण