खोकल्याचं बटण

२ मार्च, सकाळी ७
चॅनेलचं पत्र आलं. कॉमेंट्रीसाठी तीन सामने ट्रायल, जमलं तर पूर्ण सीझनचं कॉन्ट्रॅक्ट. जमलं तर म्हणे! चार कसोट्या खेळलेल्या माणसाची ट्रायल घेतात. सर्वोच्च धावा ३१, तिथेच थांबलो तेही अंपायर आंधळा निघाला म्हणून. नाहीतर शतक ठरलेलं. निवृत्तीनंतर अकरा वर्षं घरीच आहे. बायको म्हणाली, मिळू दे बाई एकदाचं, दिवसभर मलाच ऐकावं लागतं. तिचा माझ्यावर फार विश्वास आहे.

संकल्प : रोज एक तास आरशासमोर बोलणे. कोमट पाणी. आइस्क्रीम बंद.

५ मार्च
आरसा झाला नाही. आइस्क्रीम झालं.

९ मार्च, पहिला सामना
उत्तम. एकच किरकोळ गोष्ट. ओपनर बोल्ड झाला, मी दणक्यात सांगितलं. मग माझ्या ३१ धावांचा किस्सा सांगत होतो. मान वर केली तर स्क्रीनवर परत दांडी उडालेली. मी त्याच जोशात दुसरी विकेट जाहीर केली. तो रिप्ले होता. प्रोड्यूसर हेडफोनमधून म्हणाला, साहेब, एकच माणूस दोनदा आउट होत नाही. आमच्या काळी इतके रिप्ले नव्हते. शिवाय पेंगलेला प्रेक्षक जागा झाला, ते कोण बघतंय?

१६ मार्च, दुसरा सामना
शेजारच्या खुर्चीत माजी लेग-स्पिनर. 'विकेटवर जरा ओल आहे' एवढं म्हणतो आणि पुढची अख्खी ओव्हर गप्प. त्याची कसर मला भरून काढावी लागते. प्रोड्यूसर सारखा कानात : मध्ये मध्ये श्वास घ्या. किती जीव लावतो पोरगा.

२३ मार्च, तिसरा सामना
आज पूर्ण तयारीनिशी. माझ्या कात्रणांची जाडजूड वही नेली, माइकशेजारी ठेवली. हेडफोन गळ्यात, कारण प्रोड्यूसरच्या काळजीने लिंक तुटते. तासभर काय बोललो! लेग-स्पिनर सारखा माझ्याकडे बघत होता. जळतो मेला. बाहेर आलो तर प्रोड्यूसरने हात हातात घेतला. म्हणाला, आजवरचा बेस्ट तास, कौतुकाचे मेसेज थांबत नाहीयेत. कॉन्ट्रॅक्ट खिशात. बायकोला नवा सोफा बघून ठेवायला सांगितलं.

२४ मार्च, दुपार
चॅनेलने बोलावलं. सहीसाठी चांगलं पेन नेलं.

माइकपाशी एक बटण असतं. खोकला आला की दाबून धरायचं, तेवढा वेळ आपला आवाज बाहेर जात नाही. काल तासभर माझी वही त्या बटणावर होती. लोकांना एकटा लेग-स्पिनर ऐकू गेला. प्रोड्यूसरला पहिल्याच ओव्हरमध्ये कळलं होतं, पण लोक खूश दिसले म्हणून राहू दिलं म्हणे. कॉन्ट्रॅक्ट लेग-स्पिनरला. एकट्याला.

फार लागलं. तरी विचारलं, तासाभरात माझी चौकशी एकानेही केली नाही? एक फोन आला होता म्हणाले. छाती जरा वर आली. एक का होईना, दर्दी निघाला. ऑपरेटर बाईंनी नोंद वाचून दाखवली : वयस्कर गृहस्थ. म्हणतात, आमचा मुलगा जन्मात दहा मिनिटं गप्प बसलेला नाही. त्याला चक्कर-बिक्कर आली असेल, कुणीतरी जाऊन बघा.

जिन्यात उभं राहून बाबांना फोन लावला. बरा आहे, म्हटलं. मग बोल की काहीतरी, म्हणाले.

मला काहीच सुचेना.