चहाच्या खिडकीपाशी ऐकलेले गोल

ओल्डहॅम,
जुलै

प्रिय रेमंड,

तुझं पत्र मिळालं. घड्याळामागे ठेवलंय, रोज काढते आणि परत ठेवते. न्यूझीलंडमधलं डनेडिनचं घर विकून कायमचा इकडे येऊ का, आणि आलास तर माझ्या घरात तुला जागा आहे का, असं तू विचारलंयस. बहात्तराव्या वर्षी माणसं गुडघ्यांची आणि पेन्शनची काळजी करतात, तू मागणी घालत सुटलायस! आणि वर लिहितोस, 'यावेळी सरळ हो किंवा नाही सांग पॉलीन, एकदा विकलेलं घर मला परत घेता येणार नाही.' बरोबर आहे तुझं. सरळच सांगणार आहे, पण थोडं आडवळणानं जाऊ दे. बाजारात लोकर आणि बटणं विकण्यात माझा जन्म गेला. गिऱ्हाइकाला चार रंग दाखवल्याशिवाय भाव सांगायची सवयच नाही मला.

आधी बातमी. आपला फुटबॉलचा संघ परत लीगमध्ये आला! ज्यांनी कधीकाळी देशातल्या सगळ्यात वरच्या संघांना घाम फोडला, ते आपले बिचारे घसरत घसरत लीगच्याही बाहेर पडले होते, ते तू तिकडे वाचलंच असशील. यंदा वेम्बलीला निर्णायक मॅच जादा वेळेत जिंकलो. शेजारचा इम्तियाज मला गाडीतून न्यायला तयार होता. 'पॉलीनमावशी, असं किती वेळा होणार आहे? चल ना!' म्हणून मागेच लागला होता. मी गुडघ्यांचं निमित्त केलं आणि घरीच रेडिओ लावून बसले. शेवटची शिट्टी वाजली तेव्हा मी स्वयंपाकघरात एकटीच नाचले, आणि मग खुर्चीत बसून पोटभर रडले. तू असायला हवा होतास असं वाटलं. तेच लिहायला बसणार, तोवर तुझं पत्र आलं.

त्र्याण्णवचा तो मोसम तुला आठवतो असं तू लिहिलंस, पण तुझ्या आठवणीत आपण किती शूर होतो रे! मला विचारशील तर आपण दोघं चक्क हाकलून दिलेली माणसं होतो. सुरुवात माझ्यापासून झाली. थंडीतली एक मॅच, डोंगरावरून असा वारा येत होता की कान आहेत की गेले ते कळेना. मी चहा आणायला उठले आणि मागे गोल झाला. पुढच्या खेपेला परत तेच. बाबांच्या शेजारी बसणारा सिरिल, त्यानं निकाल देऊन टाकला, 'हॅरल्ड, तुझी पोरगी पनवती आहे. ती बघते तोवर आपले पाय लाकडाचे होतात.' माझे बाबा गिरणीत मुकादम होते, आयुष्यभर सूत पारखून घेतलेला माणूस. मला वाटलं, सिरिलला चार शब्द सुनावतील. त्यांनी खिशातून नाणी काढून माझ्या हातावर ठेवली आणि म्हणाले, 'जा गं बाई, तुला तहान लागली असेल.'

तेव्हापासून आपल्याला कॉर्नर मिळाला की मला तहान लागायची. आमची सगळी रांग वळून बघायची, मी उठले का म्हणून. स्टँडच्या खाली, चहाच्या खिडकीवरची एडिथ मला पाहिली की न विचारताच बोव्हरिलचा, त्या मांसाच्या अर्काच्या पेयाचा, कढत पेला पुढे करायची. आणि एका शनिवारी तिथे आधीच एक लांबुडका माणूस भिंतीकडे तोंड करून पाई खात उभा होता. मी म्हटलं, 'मॅच तिकडे आहे.' तू म्हणालास, 'माहितेय. मेव्हण्यानं सांगितलंय, वर आलास तर तंगडी मोडीन.' रेमंड, मी त्या दिवशी इतकी हसले की बोव्हरिल माझ्या कोटावर सांडलं. तू बस दुरुस्त करणारा, हाताला ग्रीसचा वास, आणि रुमाल मात्र इस्त्री केलेला. त्या रुमालानं तू माझी बाही पुसलीस आणि वर गोल झाला. मग काय, दोन्ही रांगांची खात्रीच पटली. तेव्हापासून आपल्याला वर बसू देण्याचा प्रश्नच उरला नाही.

लोक विचारतात, 'तू त्या मोसमात होतीस ना मैदानावर?' मी होतेच की. पण आपण काय पाहिलं? सिमेंटची भिंत, आणि तिच्यावर 'धूम्रपान करू नये' अशी पाटी, जिच्याखाली सगळे धूम्रपान करायचे. बाकी सगळं डोक्यावरच्या स्टँडमधून नुसतं ऐकू यायचं. आधी लाकडी खुर्च्या एकदम वाजायच्या, माणसं उभी राहिली की. मग एक क्षण काहीच नाही. आणि मग तो आवाज. तू म्हणायचास, 'हा हेडरचा,' मी म्हणायचे, 'छे, लांबून मारलाय,' आणि एडिथ म्हणायची, 'ज्यानं मारलाय त्यालाच विचारा, आणि पैसे द्या.' अख्ख्या आयुष्यात मी इतकी सुखी कधीच नव्हते.

शेवटचा आठवडा तर वेडाचाच. तळाला पडलेले आपण, वरच्या लीगमध्ये टिकायचं तर उरलेल्या तिन्ही मॅच जिंकायलाच हव्या होत्या, आणि क्रिस्टल पॅलेस हरायला हवं होतं. पहिली जिंकलो ती शेजारच्या मँचेस्टरवाल्यांच्या पाठलागावर असलेल्या संघाविरुद्ध, त्यामुळे मँचेस्टरवाल्यांना घरबसल्या विजेतेपद मिळालं. बाबा म्हणाले, 'घर आपलं जळतंय आणि पंगत त्यांची बसलीय!' मग लिव्हरपूलला हरवलं. आणि शनिवारी साउदॅम्प्टन. चार-एक झाले तेव्हा एडिथच म्हणाली, 'आता काय बिघडणार आहे? जा पोरांनो, बघून या एकदा.' चाळिशीला टेकलेली पोरं आपण! तू माझा हात धरलास आणि आपण जिना चढून उजेडात आलो. मला ते गवत अजून आठवतं. इतकं हिरवं. तुझ्या चेहऱ्यावर ऊन होतं आणि मी मैदान सोडून तुझ्याकडेच बघत राहिले. तेवढ्यात त्यांनी एक मारला. मग आणखी एक. चार-तीन! सिरिल खुर्चीवर उभा राहून किंचाळला, 'अरे देवा, ती दोघं वर आलीत! हाकला त्यांना!' आणि बाबा, माझे सख्खे बाबा, हात जोडून म्हणाले, 'पॉलीन, तुझ्या आईची शपथ आहे तुला.' आपण जीव खाऊन खाली पळालो.

तिथे भिंतीशी, धापा टाकत, तू मला विचारलंस. न्यूझीलंडला बहीण आहे, कागद झालेत, माझ्याबरोबर चल. एडिथनं रेडिओचा आवाज बारीक केला, म्हणजे तिला नीट ऐकू यावं. मी म्हटलं, 'बाबांच्या छातीत गिरणीचा कापूस भरलाय रे. त्यांना कोण बघणार?' मग शिट्टी झाली, पॅलेस हरल्याचं कळलं, नुसत्या गोलफरकावर आपण वाचलो, आणि सगळं गाव मैदानात उतरलं. बाबांनी मला मिठी मारली, रडत म्हणाले, 'माझी गुणी पोर! एकही गोल पाहिला नाहीस!' त्यांच्या खांद्यावरून मी तुला शोधत होते.

तू शरदात गेलास. पुढच्या वसंतात आपला संघ वरच्या लीगमधून खाली आला, तेव्हा सिरिल मला म्हणाला, 'तो लांबुडका गेला आणि सगळं गेलं.' बाबा त्यानंतर आठेक वर्षं जगले, आणि मी त्यांना नीट सांभाळलं. मला पश्चात्ताप नाही. दुःख आहे, ते वेगळं. तू लग्न केलंस याचा राग आला नाही, असं म्हटलं तर खोटं होईल. पण फोटोत मार्जोरी चांगली बाई दिसायची आणि तिनं तुझ्या रुमालांना इस्त्री केली असणार. ती गेल्याचं कळलं तेव्हा मी तिच्यासाठी चर्चमध्ये जाऊन बसले होते.

आता भाव सांगते. वेम्बलीला मी गुडघ्यांमुळे गेले नाही, हे खरं नव्हे. माझे डोळे गेलेत, रेमंड. पूर्ण नाही. कडेचं दिसतं, भिंती, दारं, फुटपाथ. पण ज्याच्याकडे थेट बघावं ते पुसलेलं असतं. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, 'तुम्ही घरात हिंडाल-फिराल, पण चेहरे जातील,' आणि ते गेलेच. इम्तियाजला मी आवाजावरून ओळखते. तुझं पत्रही मोठ्या भिंगाखाली अक्षर अक्षर लावत वाचलं. हे पत्र जाड काळ्या पेनानं, मान वाकडी करून लिहितेय, म्हणून अक्षर एवढं मोठं आणि ओळी घसरलेल्या. कोणाकडून लिहून घेता आलं असतं, पण हे मला स्वतः सांगायचं होतं, आणि तू घर विकायच्या आधी सांगायचं होतं. तू लिहिलंयस, उरलेले दिवस एकमेकांकडे बघत बसू. तू बघशील. मला तुझं म्हातारपण कधीच दिसणार नाही. हे चालणार असेल तर माझं उत्तर हो आहे, तेव्हाही मनातून हो होतं. ये. मँचेस्टरच्या विमानतळावर मी निळा कोट घालून उभी असेन. बाहेर येणाऱ्या कोणाकडेच मी धावत येणार नाही, त्याचं वाईट वाटून घेऊ नकोस. लांबून हात हलवत राहू नकोस. सरळ जवळ ये आणि माझं नाव घेऊन हाक मार.

तेव्हाही आणि आत्ताही तुझीच,
पॉलीन